दुतोंडी मुद्रा : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ताम्रतीर हा आमच्या नाशिकच्या गटाने रचलेला काल्पनिक मुलूख आहे. टेबलाभोवती बसून कागद, पेन्सिल आणि फासे घेऊन मराठीत खेळायचा हा गोष्टींचा खेळ. खेळ चालवणाऱ्याला आम्ही सूत्रधार म्हणतो. नियमांची वही इतर गावांतल्या गटांकडे गेल्यापासून मला येणारे निम्म्याहून जास्त प्रश्न एकाच गोष्टीबद्दल असतात, ती म्हणजे दुतोंडी मुद्रा. तेच प्रश्न इथे एकत्र केले आहेत. पहिल्यांदाच खेळणाऱ्यांनी पहिले पाच वाचले तरी डाव सुरू करता येईल. सूत्रधारांनी मात्र शेवटपर्यंत वाचावं, कारण अडचणी शेवटी शेवटीच आहेत.

१. दुतोंडी मुद्रा म्हणजे नक्की काय? थोडक्यात सांगा.

तांब्याचा एकच पत्रा, दोन्ही बाजूंनी कोरलेला. पुढच्या बाजूवर कोरलेलं असतं, “मागची मुद्रा चालते.” मागच्या बाजूवर, “पुढची मुद्रा चालत नाही.” ताम्रतीरात कोरलेलं खरं होतं, त्यामुळे ही दोन वाक्यं एकाच पत्र्यावर आली की त्यांचं भांडण दारांवर, वाटांवर आणि माणसांवर निघतं. त्या भांडणाला नियम आहेत, आणि हे पान त्या नियमांबद्दल आहे.

२. “कोरलेलं खरं होतं” म्हणजे मी वाट्टेल ते कोरू शकतो?

नाही. धातू तांबंच हवं. कोरणाऱ्याने कोरून झाल्यावर स्वतःचा तळहात टेकवून ठसा द्यायला हवा. आणि लिहिलेली गोष्ट पत्रा ज्याला टेकला आहे त्याच वस्तूबद्दल हवी: हे दार, ही विहीर, हा बांधावरचा दगड. “मी राजा आहे” असं कोरून काही होत नाही. अशा एका बाजूच्या पत्र्याला साधी मुद्रा म्हणतात, आणि ताम्रतीरातले नव्वद टक्के व्यवहार साध्या मुद्रेवरच चालतात.

हा नियम आम्हाला नाशिकच्या पांडवलेण्यांत सापडला. दहाव्या लेण्यात नहपान या क्षत्रप राजाचा जावई उषवदात याचा लेख आहे. त्याने ३,००० कार्षापण (त्या काळची नाणी) भिक्षूंसाठी कायम ठेव म्हणून गोवर्धनातल्या विणकरांच्या श्रेणींकडे, म्हणजे व्यवसाय-संघांकडे ठेवले: २,००० दरमहा शेकडा एक व्याजाने, १,००० दरमहा शेकडा पाऊण व्याजाने. मुद्दल परत घ्यायचं नाही, फक्त व्याज वापरायचं, त्यातून वर्षावासातल्या, म्हणजे पावसाळ्यात लेण्यात मुक्कामाला असलेल्या वीस भिक्षूंना कापडाचे पैसे द्यायचे. हा ठराव निगमसभेत, म्हणजे नगराच्या सभेत ऐकवला गेला, फळ्यावर नोंदला गेला आणि मग दगडात कोरला गेला. कोरलं की गोष्ट कायम झाली, ही श्रद्धा तिथे उभं राहून वाचताना अंगावर येते. आम्ही तिला फक्त एक पाऊल पुढे नेलं.

३. पण हे तर “मी आत्ता खोटं बोलतोय” यासारखंच झालं. मग मुद्रा चालते की नाही चालत?

दोन्ही, पण एकाच वेळी नाही.

हे कोडं फार जुनं आहे. इसवी सनापूर्वी चौथ्या शतकातल्या युबुलिडीस या ग्रीकाच्या नावावर ते सांगतात; आपल्याकडे व्याकरणकार भर्तृहरीने “मी बोलतो ते सगळं खोटं” या वाक्याचा विचार केला आहे. एकाच पानाच्या दोन बाजूंना दोन वाक्यं लिहायची, एकाने दुसऱ्याला खरं म्हणायचं आणि दुसऱ्याने पहिल्याला खोटं, हे रूप १९१३ साली फिलिप जूर्दां या इंग्रज गणितज्ञाने मांडलं. कागदावर या वाक्यांना उत्तर नाही, कारण कागदावर वेळ नसतो. वाक्य खरं असेल तर लगेच, त्याच क्षणी खोटं होतं.

ताम्रतीरात मात्र एका बाजूचा हुकूम दुसऱ्या बाजूपर्यंत पोचायला तांब्यातून जावं लागतं, आणि त्याला वेळ लागतो. जुन्या पद्धतीची विजेची घंटा आठवा: वीज आली की चुंबक पट्टी ओढतो, पट्टी ओढली की वीज तुटते, वीज तुटली की पट्टी परत जागेवर येते आणि वीज पुन्हा सुरू होते. घंटेला विसंगती बाधत नाही, ती वाजत राहते. दुतोंडी मुद्राही तशीच कायम चालू राहते.

४. मग तिचे टप्पे किती? आमच्या सूत्रधाराने चार सांगितले, मला तर दोनच दिसतात.

सूत्रधार बरोबर आहे. चालू असलेल्या बाजूला आम्ही जागी म्हणतो, बंद असलेलीला निजलेली. आता ओळीने बघा.

समजा दोन्ही बाजू जाग्या आहेत. मागची सांगते की पुढची चालत नाही. हा हुकूम पोचला की पुढची निजते. आता मागची एकटी जागी. पण मागचीला जागं ठेवणारी पुढचीच होती. ती निजली ही खबर मागे पोचली की मागचीही निजते, आणि दोन्ही बाजू निजतात. आता पुढचीला दाबून ठेवणारं कुणी उरलं नाही, म्हणून थोड्या वेळाने पुढची जागी होते. ती मागचीला उठवते, आणि आपण जिथून निघालो तिथे परत येतो.

म्हणजे क्रम असा: दोन्ही जाग्या, फक्त मागची, दोन्ही निजलेल्या, फक्त पुढची. चार टप्पे मिळून एक फेरा. दोनच दिसतात असं वाटतं कारण खेळाडू सहसा पुढच्या बाजूकडेच बघत असतो.

५. हे सगळं खेळात कशासाठी? दार उघडबंद होणं सोडून उपयोग काय?

मुद्रेच्या दोन्ही बाजूंवर भांडणाच्या ओळीखाली एकेक काम कोरता येतं. ते काम ती बाजू जागी असेपर्यंतच चालतं. आमच्या पहिल्या मोहिमेतलं कोठार घ्या. पुढे काम आहे “हे दार बंद”. मागे काम आहे “या दाराला हात लावणारा आपण का आलो ते विसरतो”.

पहिल्या टप्प्यात दार बंद आणि हात लावणारा विसरणार. दुसऱ्या टप्प्यात दार उघडं, पण हात लावला की विसरणार. सगळ्यात जास्त पात्रं इथेच फसतात, कारण उघडं दार दिसलं की माणूस ढकलतोच. तिसऱ्यात दार उघडं आणि काहीही धोका नाही. चौथ्यात दार बंद, पण स्मरण शाबूत. चारातल्या एकाच टप्प्यात सुखरूप आत जाता येतं, आणि तो कोणता हे ओळखणं हा त्या मोहिमेचा सगळा जीव आहे. ओळखायचं कसं, ते १०व्या प्रश्नात.

६. एक टप्पा किती वेळाचा धरायचा?

पत्र्याच्या जाडीवर. एक जव (सातूच्या दाण्याएवढी) जाडीला एक घटका, म्हणजे २४ मिनिटं. आठ जवांचं एक अंगुळ हे जुनं मापच आम्ही ठेवलं आहे. एक जव पत्र्याचा पूर्ण फेरा चार घटकांचा, ९६ मिनिटांचा. पाच जवांपेक्षा जाड पत्रा सहसा वापरू नका. टप्पे इतके लांबतात की खेळाडू दाराशी बसून कंटाळतात.

७. काल दुपारी दार उघडं होतं. आज बरोबर त्याच वेळी आलो तर बंद. सूत्रधार मनाला येईल तसं बदलतो का?

बहुधा पत्रा दोन जवांचा आहे.

दिवसरात्र मिळून ६० घटका. एक जवाचा फेरा ४ घटकांचा, म्हणजे दिवसाला बरोबर १५ फेरे. रोज त्याच वेळी तोच टप्पा येणार. तीन जवांचा फेरा १२ घटकांचा, दिवसाला ५ फेरे; तोही रोजचा. पाच जवांचा २० घटकांचा, दिवसाला ३, हाही रोजचा. दोन जवांचा मात्र ८ घटकांचा, आणि ६० ला ८ ने पूर्ण भाग जात नाही: साडेसात फेरे होतात. म्हणून आज दुपारी जो टप्पा, उद्या दुपारी त्याच्या बरोबर समोरचा. काल उघडं असलेलं आज बंद, उद्या पुन्हा उघडं. चार जवांचा पत्रा दिवसाला पावणेचार फेरे करतो. तो रोज एकेक टप्पा मागे पडतो आणि पाचव्या दिवशी मूळ वेळेवर येतो.

सूत्रधारांना माझा आग्रह आहे की हा हिशोब आधी वहीत मांडून ठेवा आणि मग त्यात ढवळाढवळ करू नका. खेळाडू तीन दिवस दाराशी पहारा देऊन जाडी शोधून काढतात तेव्हा त्यांना जो आनंद होतो तो हिशोब पक्का असल्यामुळेच होतो. एकदा जरी सोयीसाठी टप्पा सरकवलात तर पुढच्या कोणत्याही मुद्रेवर त्यांचा विश्वास बसणार नाही.

८. ही कल्पना सुचली कुठून?

नाण्यांवरून. १९०६ साली नाशिक जिल्ह्यात, सिन्नर तालुक्यातल्या जोगलटेंभीला चांदीच्या नाण्यांचा मोठा साठा सापडला. १३,००० हून जास्त नाणी, सगळी क्षहरात घराण्यातल्या त्याच क्षत्रप नहपानाची. त्यातल्या ९,००० हून जास्त नाण्यांवर सातवाहन राजा गौतमीपुत्र सातकर्णीने स्वतःचा छाप पुन्हा मारलेला आहे. नहपानाला हरवल्यावर त्याची नाणी वितळवायची तसदी न घेता त्यांच्यावरच आपला शिक्का उमटवला: एका बाजूला कमानींचा डोंगर, दुसऱ्या बाजूला ज्याला उज्जैन चिन्ह म्हणतात ते, चार गोल जोडणारा अधिकाचा आकार.

या नाण्यांची जवळून काढलेली छायाचित्रं बघा. डोंगराच्या कमानींच्या मधून नहपानाचं नाक आणि हनुवटी डोकावते. कडेला ग्रीक अक्षरांचे तुकडे शिल्लक आहेत, कारण नहपान आपलं नाव ग्रीक, खरोष्ठी आणि ब्राह्मी अशा तिन्ही लिप्यांत लिहवून घेत असे. एकाच चांदीच्या तुकड्यावर दोन सत्ता, आणि नवी जुनीला रद्द करते. पण नव्या छापाला किंमत जुन्याच चांदीची. खालचं नाणं खोटं ठरवलं तर वरचा शिक्का कशावर उभा राहणार?

मला त्या नाण्याने कित्येक दिवस सोडलं नाही. रद्द करणारा आणि रद्द झालेला एकाच धातूत राहतात, आणि रद्द करणारा रद्द झालेल्यावाचून जगू शकत नाही. मुद्रेची चारही पावलं तिथून आली. नाशिककरांनी अंजनेरीचं नाणेसंग्रहालय जरूर बघावं. जुनी नाणी काचेपलीकडून का होईना डोळ्यांनी पाहिली की ताम्रतीर जास्त खरं वाटू लागतं.

९. दुतोंड्या मारुतीवरून नाव घेतलंय ना?

नाव आणि एक नियमही. गोदाघाटावर पूर आला की नाशिकमध्ये पहिला प्रश्न असतो, पाणी दुतोंड्या मारुतीच्या कुठपर्यंत आलं? गुडघ्यापर्यंत, कमरेपर्यंत, छातीपर्यंत. दोन तोंडांची मूर्ती आणि पाण्यावरून परिस्थिती ओळखण्याची सवय, या दोन गोष्टी आमच्या डोक्यात लहानपणापासून एकत्रच आहेत. मुद्रेची पाण्याची परीक्षा (पुढचा प्रश्न) त्या सवयीतून आली. मारुतीच्या मूर्तीला आम्ही खेळात आणलेलं नाही, आणतही नाही.

१०. पत्रा दाराला ठोकलेला असतो, मागची बाजू दिसतच नाही. मग कोणता टप्पा चालू आहे हे कळणार कसं?

जाग्या बाजूवर पाणी ठरत नाही. ओंजळभर पाणी मारा: थेंब गोळा होऊन घसरले तर ती बाजू जागी, पाणी पसरून तांबं ओलं झालं तर निजलेली. पाणी मारणं म्हणजे हात लावणं नव्हे, त्यामुळे विसरण्याचं काम कोरलेलं असलं तरी ही परीक्षा सुरक्षित आहे.

पण एकदाच पाणी मारून भागत नाही. पुढची बाजू निजलेली दिसली तर टप्पा दुसरा असेल किंवा तिसरा, आणि त्या दोघांत फरक जिवावरचा आहे. म्हणून बदल गाठावा लागतो. पुढची बाजू जागी असताना पाणी मारत बसा. ज्या क्षणी ती निजते त्या क्षणी दुसरा टप्पा सुरू झाला. आता एक टप्पा पूर्ण जाऊ द्या. त्यानंतरचा एक टप्पा तुमचा.

एक टप्पा किती हे माहीत नसेल तर आधी पुढची बाजू किती वेळ जागी राहते ते मोजा आणि त्याचं निम्मं करा. घाईच्या मोहिमेत हे शक्य होत नाही, तेव्हा पात्रांना नशिबावर जावं लागतं. वीस बाजूंचा फासा तेव्हाच काढा, त्याआधी नाही.

११. ताई, आम्हाला खरोखरचा पत्रा करून टेबलावर ठेवायचाय. तांबट आळीत सांगितलं तर मिळेल का?

जुन्या नाशकात तांब्यापितळेच्या कामाची परंपरा मोठी आहे, आणि तळहाताएवढा साधा पत्रा कापून मिळणं अवघड नाही. सांगताना एक गोष्ट नीट सांगा: अक्षरं कोरायची आहेत, ठोकून उठवायची नाहीत. पातळ पत्र्यावर ठोकून अक्षर उठवलं की मागच्या बाजूला तेच अक्षर उलटं उमटतं, आणि मग मागे दुसरं काही लिहायला जागाच राहत नाही. कोरलेलं अक्षर मात्र आपल्याच बाजूला राहतं. ताम्रतीरातही हाच नियम आहे. ठोकलेली दुतोंडी मुद्रा लागूच होत नाही.

काम करताना पत्रा तापवून पाण्यात बुडवला की तांबं मऊ होतं, आणि ठोके पडत गेले की पुन्हा कडक होतं. कडक झालेल्या पत्र्यावर हत्यार घसरतं, म्हणून कारागीर मधेमधे पुन्हा तापवतो. हे बघायला मिळालं तर बघाच. ताम्रतीरातला मुद्राकार हे पात्र घेणाऱ्याने तर हमखास, म्हणजे हातातलं काम कसं सांगायचं ते कळतं.

१२. दोन्ही वाक्यं एकाच बाजूला शेजारी शेजारी कोरली तर?

ठसा बसत नाही. हुकुमाला ओलांडायला जाडीच नाही, म्हणजे वेळ नाही, म्हणजे ३ऱ्या प्रश्नातला कागद झाला. तळहात उचलला की पत्रा कोराच राहतो. “ही मुद्रा चालत नाही” असं एकच वाक्य कोरणाऱ्याचंही तेच होतं.

१३. दारात पाय असताना टप्पा बदलला तर पाय तुटतो का?

नाही. “दार बंद” म्हणजे कुणी आरपार जाऊ शकत नाही, एवढंच. ज्या बाजूला शरीराचा भार जास्त, त्या बाजूला माणूस ढकलला जातो. हातातली वस्तू मात्र पलीकडे राहू शकते, आणि यावरून आमच्याकडे एक पूर्ण मोहीम झाली आहे.

१४. आमच्यातला एक इंजिनियर म्हणतो, विसंगती खरी मानली की त्यातून काहीही सिद्ध करता येतं. त्याने मुद्रेवरून “कोठारातलं सगळं सोनं माझं” सिद्ध करून दाखवलं. आता काय?

त्याचं तर्कशास्त्र पक्कं आहे. समजा “दार बंद आहे” हेही खरं आणि “दार बंद नाही” हेही खरं. पहिल्यावरून “दार बंद आहे किंवा सोनं माझं आहे” हे वाक्य खरं ठरतं, कारण दोनातलं एक खरं असलं की पुरतं. दुसऱ्यावरून या वाक्याचा पहिला भाग गळतो. उरतं काय? सोनं माझं आहे. नेहमीच्या तर्कशास्त्रातला हा जुना निकाल आहे, आणि म्हणूनच गणितात एक विसंगती सापडली तरी सगळी इमारत धोक्यात येते.

पण ताम्रतीरात ही दोन वाक्यं एकाच टप्प्यात कधीच खरी नसतात. पहिलं वाक्य पहिल्या टप्प्यातलं, दुसरं तिसऱ्यातलं. दोन वेगळ्या वेळांची विधानं जोडून निष्कर्ष काढता येत नाही. सकाळी पाऊस होता आणि दुपारी नव्हता यात काही विसंगती नाही. तुमच्या मित्राला प्रत्येक ओळीसमोर टप्प्याचा आकडा लिहायला सांगा. सिद्धता तिसऱ्या ओळीवर थांबेल.

यावर मी इतकं लिहिते कारण माझ्या मते सगळा खेळ इथे टिकतो किंवा मोडतो. विसंगती आहे म्हणजे सगळं चालतं, असं मानणारे सूत्रधार मुद्रेला जादूची कांडी करून टाकतात, आणि तीन डावांत कुणालाच तिच्यात रस उरत नाही. दुतोंडी मुद्रा ही ताम्रतीरातली सगळ्यात शिस्तीची गोष्ट आहे. साध्या मुद्रेचा मालक बदलतो, लाच देऊन ती उतरवता येते. ही कुणाचंही ऐकत नाही, स्वतःचंसुद्धा.

१५. पत्रा फोडला, भोक पाडलं किंवा जाडीतून चिरून दोन केले तर?

मधोमध मोडला तर मोडताना जो टप्पा होता तो दोन्ही तुकड्यांत कायमचा थिजतो. म्हणून दरोडेखोर तिसऱ्या टप्प्यात मोडायला बघतात आणि पहारेकरी पहिल्या.

आरपार भोक पाडलं तर त्या जागी जाडी संपते आणि १२व्या प्रश्नाचा नियम लागतो: अख्खा पत्रा मरतो. भोकाला जागेवरच मनाई असते हे लक्षात ठेवा. जागी असलेली बाजू हत्याराला सरकवून देते. फक्त तिसऱ्या टप्प्यात ते शक्य आहे.

जाडीतून चिरणं सगळ्यात अवघड, आणि त्याचा परिणामही सगळ्यात विचित्र. दोन पातळ पत्रे मिळतात, दोघांवर अशा एका मुद्रेबद्दल लिहिलेलं असतं जी आता त्यांच्या पाठीवर नाही. त्यांना ओसाड मुद्रा म्हणतात. पुढचा प्रश्न बघा.

१६. मुद्रेत लिहिलेली गोष्टच अस्तित्वात नसेल तर ती खरी होते, खोटी होते की काय?

ती ओसाड होते, म्हणजे तिचा ठसा टिकतो पण कामाला काही लागत नाही. तिला ना मोडता येतं ना पाळता येतं. तिच्यावर हक्क सांगणारा मात्र मूळ मुद्राकाराकडे बदली मागू शकतो आणि मुद्राकाराला ती द्यावीच लागते.

हा नियम मनाने काढलेला नाही. पांडवलेण्यांतल्या तिसऱ्या लेण्याच्या ओसरीत गौतमीपुत्राचे दोन लेख एकाखाली एक आहेत. राज्याच्या १८व्या वर्षीच्या लेखात तो पश्चिम काखडी गावातलं २०० निवर्तनं (जमिनीचं जुनं माप) शेत इथल्या भिक्षूंना देतो, आणि हे शेत आजवर उषवदाताच्या ताब्यात होतं हेही सांगतो. हा उषवदात २ऱ्या प्रश्नातलाच. २४व्या वर्षीचा लेख म्हणतो की काखडीत दिलेलं ते शेत कसलं जात नाही, गावात वस्ती नाही. म्हणून त्याऐवजी नगराच्या हद्दीवरच्या राजशेतातून १०० निवर्तनं देत आहोत.

राजाने कोरून दिलेलं दान, आणि सहा वर्षांत गाव ओस. पहिला लेख कुणी खरवडून टाकला नाही. त्याच्या खाली दुसरा आला, आणि दोन्ही आजही वाचता येतात. ओसाड मुद्रा खोटी का नाही, असं कुणी विचारलं की मी त्यांना त्या ओसरीत न्यायला तयार असते. बदली निम्मीच मिळते, हा नियमही त्या १०० निवर्तनांवरूनच घेतला आहे.

१७. लेण्यांच्या पायऱ्यांवर किंवा घराच्या दारावर ही खूण काढली तर चालेल का? घरात शांतता राहते असं ऐकलं.

ही खूण काल्पनिक आहे. तिने घरात शांतता येत नाही आणि अशांतताही येत नाही. घराच्या दारावर हौसेने लावायची तर तुमची मर्जी.

लेण्यांवर, पायऱ्यांवर, घाटावरच्या दगडांवर मात्र अजिबात नको, खडूनेसुद्धा नको. पांडवलेणी हे संरक्षित स्मारक आहे, तिथे काही लिहिणं किंवा कोरणं हा गुन्हा आहे. ज्या दगडावर दोन हजार वर्षांपूर्वीचं अक्षर अजून शाबूत आहे, त्याच्या शेजारी आपली नावं कोरणारे कमी नाहीत. निदान आपल्या खेळातल्यांनी त्यात भर घालू नये.

१८. एकाच दारावर दोन दुतोंडी मुद्रा लावता येतात का?

येतात. दोन्ही पत्रे सारख्या जाडीचे आणि बरोबर अर्ध्या फेऱ्याच्या अंतराने ठसे दिलेले असतील, तर एकाची पुढची बाजू निजते त्याच क्षणी दुसऱ्याची जागी होते आणि दार कधीच उघडत नाही. याला जोडकुलूप म्हणतात. जाडीत फरक असेल तर फट सापडते, पण ती कधी याचा हिशोब ७व्या प्रश्नाच्या पद्धतीने दोन्ही पत्र्यांसाठी वेगळा मांडावा लागतो.

१९. तीन किंवा चार पत्र्यांची साखळी केली तर? प्रत्येक पत्रा पुढच्याबद्दल बोलतो आणि शेवटचा पहिल्याबद्दल.

फक्त “चालत नाही” किती वेळा आलं ते मोजा. विषम वेळा आलं तर साखळी कधी स्थिरावत नाही, फिरतच राहते. सम वेळा आलं, किंवा आलंच नाही, तर तिच्यात विसंगती नाही. ती एखाद्या स्थितीत शांत बसू शकते. पत्रे कितीही असोत, नियम हाच. फेऱ्याचा वेळ मात्र सगळ्या जाड्यांची बेरीज करून दुप्पट धरायचा. एका पत्र्याच्या दुतोंडीत हुकूम तीच जाडी जाताना एकदा आणि येताना एकदा ओलांडतो, म्हणून तिथे जाडी दोनदा मोजली की चौपट येते.

२०. मग दोन्ही बाजूंवर “दुसरी चालत नाही” असंच कोरलं तर? हे जास्त भांडण नाही का?

उलट, भांडणच नाही. इथे नकार दोन, म्हणजे सम. एक बाजू जागी आणि दुसरी निजलेली, अशी स्थिती आली की ती तशीच राहते: जागी असलेली दुसरीला दाबून ठेवते आणि निजलेली काही बोलत नाही. ज्या बाजूला आधी तळहात टेकला ती जिंकते, कायमची. ताम्रतीरात वारसाहक्काच्या भांडणात हाच पत्रा वापरतात, आणि दोन भाऊ मुद्राकाराच्या घराकडे धावत सुटतात ते यामुळेच.

२१. आणि दोन माणसांनी दोन्ही बाजूंना एकाच क्षणी तळहात टेकले तर?

तर दोन्ही बाजू एकदम जाग्या होतात. एका टप्प्याने दोन्ही हुकूम एकदम पोचतात आणि दोन्ही निजतात. आणखी एका टप्प्याने, दाबणारं कुणी नाही म्हणून, दोन्ही पुन्हा एकदम उठतात. बाहेरून बघणाऱ्याला ही दुतोंडी मुद्राच वाटेल, पण हिच्यात एकटी जागी असलेली बाजू कधी दिसत नाही, त्यावरून ओळखायची.

ही स्थिती टिकाऊ नाही. पत्र्याची जाडी कुठेच तंतोतंत सारखी नसते, एका बाजूचा हुकूम केव्हातरी केसभर आधी पोचतो, आणि त्या क्षणी एक बाजू जिंकून पत्रा २०व्या प्रश्नातल्यासारखा शांत होतो. केव्हा, हे आधी सांगता येत नाही. सूत्रधाराने प्रत्येक फेऱ्याला वीस बाजूंचा फासा टाकावा. एक आला तर पुढची जिंकली, वीस आला तर मागची, बाकी काहीही आलं तर फेरा चालू. दोन्ही दावेदारांनी तोवर पत्र्यावरून हात उचलायचे नाहीत. उचलला, तर त्याची बाजू हरली.